दक्षिणेतले कमी बजेटचे 'ए' सिनेमे आणि त्यांतल्या नट्या : यादी करताना काय तपासायचं?

रीळ_नंबर_सात (धागाकर्ता)

सिल्क स्मिता, अभिलाषा, शकीला, मारिया, रेश्मा. या नावांवर मराठीत जे सापडतं ते एकतर चावट, नाहीतर हळहळीचं. कोणी किती काम केलं, कोणत्या साली, मूळ कोणत्या भाषेत, हे धड कुठेच नाही. म्हणून हा धागा. इथे फक्त नट्यांच्या कामाची यादी करायची आहे. फोटो, लिंका आणि 'कुठे बघायला मिळेल' हे विचारू नका, संपादक धागा उडवतील आणि बरोबरच करतील.

सुरुवातीला ढोबळ आराखडा देतो. १९७८ साली मल्याळममध्ये 'अवळुडे रावुकळ' (आय. व्ही. शशी, सीमा) आणि 'रतिनिर्वेदम' (भरतन, जयभारती) आले. धाडसी विषय असले तरी हे मुख्य प्रवाहातले सिनेमे होते, त्यांना या यादीत घेऊ नये असं माझं मत. खरी सुरुवात १९८८ च्या 'आदिपापम'पासून : पी. चंद्रकुमार दिग्दर्शक, अभिलाषा नायिका, निर्माते आर. बी. चौधरी, कथा आदम आणि इव्हची. बायबलचं कातडं पांघरल्यामुळे अंगावर कपडे कमी का, याचं उत्तर कथेतच होतं! साडेसात लाखांत झालेल्या या सिनेमाने अडीच कोटी केले असं छापून आलेलं आहे. पुढे चारपाच वर्षं लाट टिकली, मग ओसरली. दुसरी लाट २००० च्या 'किन्नारत्तुंबिकळ'पासून, दिग्दर्शक आर. जे. प्रसाद, नायिका शकीला. इथेही बारा लाखांचे चार कोटी झाल्याचा आकडा फिरतो.

यादीत कोणते रकाने हवेत आणि चुका कुठे होतात, ते सांगा.

कोडंबाक्कम_मेल

पहिली हरकत सिल्कबद्दल. ती या यादीत सरसकट नको. विजयालक्ष्मी (सिल्कचं मूळ नाव; जन्म १९६०, आंध्रातल्या एलुरूजवळचं कोव्वली) १९८० च्या तमिळ 'वंडीचक्करम'मधून पुढे आली. त्यातल्या तिच्या पात्राचं नाव सिल्क, तेच पुढे चिकटलं. नंतरची तिची शेकडो कामं म्हणजे मोठ्या नायकांच्या सिनेमातलं एक गाणं किंवा चारदोन प्रसंग. 'मून्ड्रम पिरै' (१९८२) आणि त्याचाच हिंदी अवतार 'सदमा' (१९८३), दोन्हींत ती आहे आणि दोन्ही सिनेमे घरच्यांसोबत बसून पाहिले जातात. १९९५ च्या 'स्फटिकम'मध्ये मोहनलालसमोर तिची भूमिका आहे, ती काही शोभेची नव्हे.

आपल्या यादीत बसेल असं तिचं ठळक नाव म्हणजे 'लयनम' (१९८९, दिग्दर्शक तुलसीदास). ज्योतिलक्ष्मी आणि जयमालिनी या बहिणी, अनुराधा, डिस्को शांती, या तर गाण्यापुरत्या नर्तिका. त्यांना आणि शकीलाला एकाच रकान्यात कोंबणं म्हणजे तमाशातल्या फडाच्या नायिकेला आणि ऑर्केस्ट्रातल्या गायिकेला एकाच हजेरीपटावर घेण्यासारखं आहे. काम वेगळं, मोबदला वेगळा, करारही वेगळा.

मॅटिनी_शो

+१. दोन वेगळ्या याद्या करा : 'गाण्यापुरती' आणि 'नायिका म्हणून'. दुसऱ्या यादीतच या धंद्याचा खरा पेच आहे. शकीलाच्या सिनेमात पोस्टरवर ती एकटीच मोठी असायची आणि नायकाचं नाव कोणाला आठवत नसे. मोहनलाल-मम्मुट्टीच्या राज्यात नटीच्या नावावर तिकीट विकलं जाणं ही काही साधी गोष्ट नव्हती. केरळात तेव्हा 'शकीला तरंगम', म्हणजे शकीलाची लाट, म्हणायचे. दुपारच्या खेळाला हे सिनेमे लागायचे म्हणून 'उच्चप्पडम'.

खवचट_भाऊ

म्हणजे आपले दादा कोंडकेच की हो.

मॅटिनी_शो

नाही हो. दादांचा सगळा खेळ जिभेवर, बाया-बापडे एकत्र हसायचे आणि गर्दी तिन्ही खेळांना. उच्चप्पडमचा प्रेक्षक जवळपास पुरुषच आणि यायचा मान खाली घालून. तुलना इथेच थांबवू, नाहीतर धागा दोनशे प्रतिसादांवर जाईल आणि यादी राहील बाजूला.

हिशेबनीस

बारा लाखांत सिनेमा कसा बसायचा ते कळलं की यादीतले निम्मे घोळ आपोआप उलगडतात.

पस्तीस मिलिमीटरची फिल्म सेकंदाला चोवीस चौकटी, फुटात सोळा चौकटी, म्हणजे मिनिटाला नव्वद फूट. शंभर मिनिटांच्या सिनेमाला तयार लांबी नऊ हजार फूट. एकाला दोन या प्रमाणात शूट केलं तरी कच्ची फिल्म अठरा हजार फूट लागते, म्हणजे चारशे फुटी ४५ डबे. एका डब्यात जेमतेम साडेचार मिनिटं. मोठ्या सिनेमात यापेक्षा कितीतरी जास्त फिल्म जाळली जायची. इथे पहिला टेक बरा झाला की पुढे. म्हणूनच नट्या एका जागी उभ्या राहून लांबलचक संवाद म्हणताना दिसतात, कोन बदलला की डबा संपतो.

एखादा बंगला, एखादा मळा, आठ-दहा माणसं, दहा-पंधरा दिवस. आवाज जागेवर घ्यायचाच नाही. कॅमेरा खडखडणारा, सगळं नंतर डब. नटी तमिळ किंवा तेलुगू घरातली असली तरी चालायचं, ओठ हलले म्हणजे झालं. त्यामुळे यादीत 'आवाज' हा रकाना ठेवूच नका, डबिंग करणाऱ्या बायांची नावं श्रेयनामावलीत जवळपास नसतातच. तिथेही श्रम बाईचेच, नाव गायब.

आता नटीचा मोबदला. मुख्य प्रवाहात सिनेमाचं एकरकमी मानधन ठरतं. इथे कॉलशीटवर, म्हणजे दिवसावर. निर्मात्याने तीन दिवस विकत घेतले की त्या तीन दिवसांत जे चित्रित होईल ते त्याचं. त्यातलं उरलेलं तुकडे-तुकडे करून पुढच्या सिनेमात लावलं तर तिला वेगळे पैसे नाहीत. शकीलाच्या नावावर सिनेमांचा आकडा फुगतो त्याचं हे एक कारण. पोस्टरवर आहे, पडद्यावर आहे, पण त्या सिनेमासाठी ती सेटवर गेलेलीच नाही असं होऊ शकतं.

रीळ_नंबर_सात

हे महत्त्वाचं. मग रकाना असा करू : 'मुख्य काम / थोडं काम / जुनं चित्रण वापरलेलं'. तिसरं ओळखायचं कसं?

हिशेबनीस

केस, दागिने, खोली आणि समोरची माणसं बघा. बाकी सगळे जण ज्या प्रसंगांत एकत्र आहेत त्यांत ती कधीच नाही, तिच्याशी बोलणारं पात्र नेहमी उलट बाजूच्या वेगळ्या चौकटीत आहे आणि दोघं एकाही चौकटीत सोबत नाहीत, तर संशय घ्या. दोन सिनेमांत तीच साडी आणि तोच पलंग दिसला की खात्री.

केबिनवाला

प्रोजेक्शनच्या बाजूने लिहितो, कारण 'बिट' प्रकरण समजल्याशिवाय नट्यांवर फुकटचा आळ येतो. मल्याळममध्ये त्याला 'तुंडु' म्हणतात.

बिट म्हणजे सेन्सॉरने न पाहिलेला तुकडा, थिएटरात ऑपरेटरने मध्येच जोडलेला. शंभर फुटांचा तुकडा म्हणजे एक मिनिट सात सेकंद, तीनशे फुटांचा तीन मिनिटं वीस सेकंद. जोड टेपने किंवा फिल्म सिमेंटने. तपासणीची कुणकुण लागली की तुकडा सोडवून दोन टोकं पुन्हा जोडायची. प्रत्येक वेळी एक-दोन चौकटी जातात. म्हणून गावोगाव फिरलेल्या प्रिंटमध्ये ठरावीक जागी धक्का बसतो आणि संवादातला शब्द अर्धा तुटतो.

बिट ओळखायची तर कानांनी ओळखावी. पस्तीस मिलिमीटरवर ध्वनिपट्टी चित्राच्या वीस चौकटी पुढे छापलेली असते, कारण प्रोजेक्टरमध्ये आवाज वाचणारं मुंडकं गेटच्या (चित्रावर उजेड पडतो त्या खिडकीच्या) खाली असतं. त्यामुळे बिटचं चित्र सुरू झालं तरी सुमारे पाऊण सेकंद मागच्या प्रसंगाचाच आवाज चालू राहतो, मग 'टक्' होऊन शांतता किंवा भलतंच संगीत. बाहेर पडतानाही तसंच : मूळ प्रसंग पडद्यावर आला तरी पाऊण सेकंद बिटचा आवाज रेंगाळतो. संकलकाने टेबलावर कापलेल्या प्रसंगात असं होत नाही, तिथे चित्र आणि आवाज वेगवेगळे जुळवून मग प्रिंट निघते.

दुसरी खूण आकाराची. मूळ सिनेमा स्कोपमध्ये (रुंद पडद्यासाठी) असेल तर लेन्स चित्र आडवं दुप्पट ताणते. त्यात साधी बिट लावली की माणसं बुटकी आणि रुंद दिसतात. तिसरी खूण रंग : दुसऱ्या लॅबची, दुसऱ्या वयाची फिल्म, चेहरे एकदम गुलाबी किंवा हिरवट. चौथी सगळ्यांत साधी, चेहराच न दिसणं.

अबोली_के

केबिनवाले, म्हणजे बिटमधली बाई आणि सिनेमातली नटी एक नसायची?

केबिनवाला

बऱ्याचदा नाही. परदेशी सिनेमांचे तुकडे, जुन्या सिनेमांचे तुकडे, नाहीतर बदली बाईला घेऊन वेगळं केलेलं चित्रण. शकीलाच्या सिनेमांत बॉडी डबल वापरली जायची, हे तिने स्वतः जाहीरपणे सांगितलं आहे. पण गावात बोभाटा पोस्टरवरच्या नावाचा. पैसा निर्मात्याला आणि थिएटरवाल्याला, बदनामी नटीला, आणि जिचं शरीर दिसतंय तिचं नाव कुठेच नाही. यादीत बिटवरून कोणाच्याही नावापुढे काहीही लिहू नका.

काळा_कोट

कायद्याचं थोडक्यात. प्रमाणित सिनेमात नंतर काही घुसवणं हा सिनेमॅटोग्राफ कायदा, १९५२ च्या कलम ७ खाली गुन्हा आहे : या लाटांच्या काळात तीन वर्षांपर्यंत कैद, लाखापर्यंत दंड किंवा दोन्ही. धाड पडली की सापडायचा मात्र ऑपरेटर, कारण तुकडा त्याच्या केबिनमध्ये.

नटीपुरतं बोलायचं तर २०१२ च्या दुरुस्तीने कॉपीराइट कायद्यात कलम ३८ब आलं. आपलं काम विकृत करून प्रतिष्ठेला धक्का लावला तर कलाकाराला दाद मागता येते. दोन्ही लाटा त्याआधीच येऊन गेल्या होत्या. तेव्हा एकदा सिनेमात काम करायला संमती दिली की कलाकाराचा त्या चित्रणावर हक्कच उरत नसे. सिनेमाचा मालक निर्माता, आणि त्याचा कॉपीराइट प्रदर्शनानंतर साठ वर्षं. म्हणजे 'आदिपापम'चा हक्क २०४८ च्या अखेरपर्यंत कोणाकडे ना कोणाकडे राहणार, अभिलाषाकडे नाही.

रीळ_नंबर_सात

साल ठरवताना सर्टिफिकेट वापरायचं का?

काळा_कोट

तोच एक भक्कम कागद. सिनेमाच्या सुरुवातीला दाखवतात तिथेच थांबवून वाचा. नाव, भाषा, लांबी, रिळांची संख्या, अर्जदार, तारीख. डाव्या कोपऱ्यात खाली त्रिकोण असेल तर समजा की सेन्सॉरने काटछाट करायला लावून मग पास केलाय. काय काय कापलं त्याचा तपशील सर्टिफिकेटच्या दुसऱ्या भागात असतो, तो पडद्यावर येत नाही.

आणि एक मोठा सापळा : डब केलेल्या आवृत्तीला वेगळं सर्टिफिकेट लागतं. हिंदी प्रिंटवरची तारीख ही डबची तारीख, मूळ सिनेमाची नव्हे.

व्हीसीडी_आजोबा

त्रिकोण माहीत नव्हता, वाखूसा (वाचनखूण साठवली).

लांबीवरून पडताळणी कशी करायची ते देतो. सर्टिफिकेटवर मीटर असतात. एका मिनिटाला २७.४ मीटर. समजा २६०० मीटर लिहिलंय, तर सिनेमा ९५ मिनिटांचा. आता हातात असलेली प्रत बघा. आपल्याकडच्या व्हीसीडी पाल पद्धतीच्या, सेकंदाला पंचवीस चौकटी. चोवीसचे पंचवीस झाले की सिनेमा चार टक्के वेगाने पळतो, ९५ ची ९१ मिनिटं होतात आणि आवाज किंचित बारीक येतो. लोक इथेच फसतात : 'चार मिनिटं कापली!' म्हणून ओरडतात. कापलेलं काही नसतं.

म्हणून आधी प्रतीची मिनिटं २५ ने गुणून २४ ने भागा, मग सर्टिफिकेटशी ताडा. प्रत मोठी निघाली तर काहीतरी घुसवलंय. लहान निघाली तर एकतर गाणं उडवलंय किंवा दोन डिस्कच्या सांध्यावर तुकडा गळालाय. व्हीसीडीच्या एका डिस्कवर ऐंशीच्या आत मिनिटं मावतात, त्यामुळे सिनेमा मध्यंतराजवळ तोडलेला असतो आणि नेमकं तिथलंच गळतं.

कोडंबाक्कम_मेल

आता नावांचे सापळे, हे मी गोळा करून ठेवलेत.

'लयनम' हिंदीत 'रेश्मा की जवानी' म्हणून आला. त्यात रेश्मा नावाची नटी नाही, सिल्क आहे. पण कितीतरी याद्यांत तो दुसऱ्या लाटेतल्या रेश्माच्या खात्यावर जमा आहे. 'अवळुडे रावुकळ' हिंदीत 'हर नाइट्स' (Her Nights) झाला आणि बिचारा त्याच पंगतीत जाऊन बसला.

शकीलाचं पहिलं काम १९९५ च्या तमिळ 'प्लेगर्ल्स'मधलं, तेही सिल्कच्याच सोबत. तेव्हा १९९५ आधीच्या कुठल्याही सिनेमासमोर शकीला दिसली तर ओळ चुकीची. विशेषतः 'आर पार', 'सी. आय. डी.' काळातली हिंदीतली शकीला वेगळी, दोघींची खाती एकत्र झालेली पाहिली आहेत. उलट बाजूने सिल्क : ती २३ सप्टेंबर १९९६ रोजी गेली. तिच्या नावासमोर २००१ वगैरे साल दिसलं तर ते डब, पुनर्प्रदर्शन नाहीतर डब्यात अडकलेला सिनेमा.

पिला_हाऊस

मुंबईची बाजू राहिली. हे डब सिनेमे नाझ बिल्डिंगमधल्या वितरकांच्या हातून फिरत फिरत फॉकलंड रोडवरच्या एकपडदा थिएटरांत उतरायचे. अल्फ्रेड, न्यू रोशन, सिल्व्हर ही तिथली नावं. हमाल, टॅक्सीवाले, पाळी संपलेले कामगार हा प्रेक्षक. स्वस्त तिकीट, डोक्यावर पंखा आणि तीन तास पाठ टेकायला जागा, एवढ्यासाठीही लोक यायचे. एकच सिनेमा काही वर्षांनी नवं नाव आणि नवं पोस्टर घेऊन परत लागे. त्यामुळे हिंदी पोस्टरवरून मूळ सिनेमा ओळखायला जाऊ नका, पोस्टरवरची बाई आत असेलच असं नाही.

अबोली_के

हे सगळं संपलं कशाने? सेन्सॉर कडक झालं म्हणून?

केबिनवाला

सेन्सॉरचा त्रास होताच. पण आधी सीडीने आणि नेट कॅफेने प्रेक्षक घरी नेला. मग डिजिटल आलं. २००६ चा 'मून्नामतोराळ' केरळात उपग्रहावरून थेट थिएटरांत पोचवला होता. सर्व्हरवर कुलूपबंद फाइल आली की ऑपरेटरला कात्री लावायला काही उरलंच नाही. बिट गेली आणि बिटवर जगणारी सी सेंटरची (लहान गावांतली) थिएटरं पण गेली.

अबोली_के

मग या बायकांचं पुढे काय झालं हेही यादीत यायला हवं. नुसती सिनेमांची नावं म्हणजे पुन्हा तेच. शकीलाची नंतरची वाट बघा : तेलुगू 'जयम'पासून (२००२) विनोदी भूमिका, 'छोटा मुंबई'मध्ये (२००७) स्वतःच्याच नावाने, २०१३ ला मल्याळममध्ये आत्मचरित्र, मग 'कुकू विथ कोमाली' या तमिळ स्वयंपाकाच्या कार्यक्रमात सगळ्यांची 'अम्मा'. २०२० ला तिच्यावर हिंदी सिनेमाही आला, रिचा चढ्ढाने तिचं काम केलं. सिल्कच्या वाट्याला २०११ चा 'डर्टी पिक्चर' आला, तो तिच्या वाढदिवशी, २ डिसेंबरला लागला. राष्ट्रीय पुरस्कार विद्या बालनला.

मॅटिनी_शो

सगळ्यांना 'अम्मा' होता आलं नाही. दुसऱ्या लाटेतल्या एका नटीच्या पोलिस चौकशीचं मोबाइलवर चित्रण करून ते पसरवलं गेलं. तेव्हा आक्षेप घेणारे मोजकेच. नाव लिहीत नाही, तो व्हिडिओ शोधायला पुन्हा लोक धावतील.

कोडंबाक्कम_मेल

सहमत. आणि मल्याळम सिनेमातल्या बायकांच्या स्थितीवरचा हेमा समितीचा अहवाल (१९ ऑगस्ट २०२४ ला बाहेर आला) वाचताना जाणवतं की लेखी करार नसणं, सेटवर स्वच्छतागृह आणि कपडे बदलायची जागा नसणं, ही मुख्य प्रवाहातल्या बायकांचीही तक्रार आहे. मोठ्या बॅनरच्या सेटवर ही गत, तर दहा दिवसांत बंगल्यात उरकलेल्या सिनेमाची कल्पना करा. मात्र शकीलाला नुसतं बळी ठरवू नका. दिवसाचा दर ती ठरवत होती आणि निर्माते तिच्या तारखांसाठी थांबत होते. पैसा कुटुंबाने संपवला हेही तिनेच सांगितलंय.

व्हीसीडी_आजोबा

प्रिंट्सचं काय? पुण्याच्या फिल्म संग्रहालयात असतील का?

केबिनवाला

नाव घेऊन विचारणा करावी लागेल, पण फार आशा नको. असल्या सिनेमांच्या प्रिंट्स फिरून झिजल्या की भंगारात जायच्या. निर्मात्याला त्या जपाव्यात असं वाटण्याचं कारणच नव्हतं. उरलेला एखादा डबा कुठे सापडला आणि उघडल्यावर व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर बंद खोलीत इतर डब्यांसोबत ठेवू नका. अ‍ॅसिटेटची फिल्म सडायला लागली की तो वायू शेजारच्या डब्यांनाही लागतो. आणि प्रोजेक्टरवर तर मुळीच चढवू नका, आक्रसलेल्या फिल्मची भोकं दात्यांवर फाटतात.

रीळ_नंबर_सात

ठीक. रकाने असे धरतो : मूळ नाव, मूळ भाषा, सर्टिफिकेटची तारीख, मीटर, त्रिकोण आहे/नाही, डब नावं (प्रत्येकाची वेगळी तारीख), नटी, कामाचा प्रकार. मल्याळम नावं देवनागरीत लिहिताना 'ळ' आणि 'ल' सांभाळा, नाहीतर एकाच सिनेमाच्या दोन ओळी होतील.

प्रश्न एकच उरला : सिंधू, देविका, मारिया ही नावं एकाहून जास्त जणींची आहेत. वेगळं कसं करायचं?

हिशेबनीस

नावाला सिनेमाचा शेपूट लावा. 'सिंधू' असं मोकळं नाव घेऊ नका, खात्री असलेल्या एका सिनेमाचं नाव आणि साल जोडून तिचं खातं उघडा. नवीन ओळ चेहऱ्यावरून त्याच खात्याशी जुळली तरच त्यात टाका, नाहीतर वेगळं खातं. दोन खाती पुढे एक करणं सोपं, एका खात्यातून दोन बायका वेगळ्या काढणं महाकठीण.

रीळ_नंबर_सात

चालेल. 'आदिपापम' आणि 'लयनम'च्या ओळी मी भरतो. दुसऱ्या लाटेचं कोणीतरी घ्या, आणि सर्टिफिकेट पाहिल्याशिवाय तारखेचा रकाना कोरा ठेवा.